जोडपुनव कधी येणार? एका काल्पनिक जगाच्या कॅलेंडरचं सगळं प्रकरण

नाशिकला आमचा टेबलटॉप रोलप्लेचा एक ग्रुप आहे. शनिवारी रात्री इंदिरानगरला एका मित्राच्या फ्लॅटवर जमतो, फासे, नकाशे, वह्या घेऊन, आणि डीएम म्हणजे गेम चालवणारा जे जग मांडेल त्यात आपापली पात्रं घेऊन फिरतो. नोंदी ठेवायचं काम माझ्याकडे आहे. कोण कुठे गेलं, कोणाला काय वचन दिलं, किती नाणी उरली असं सगळं. त्यामुळे या जगाचं कॅलेंडर कोसळलं तेव्हा कागदपत्रं माझ्याच हातात होती, आणि ते परत कसं उभं राहिलं हे नीट लिहून ठेवावंसं वाटलं, कारण स्वतःचं जग रचणाऱ्या मराठी लोकांना हा प्रश्न आज ना उद्या येणारच आहे.

जगाचं नाव कांतार. एक लांबलचक खोरं, त्यातून वाहणारी नदी, नदीच्या मुखाशी शिंपळ नावाचं बंदर, आणि वर डोंगरात पाताळवेस नावाची दगडी वेस. या जगाला दोन चंद्र आहेत, लोक त्यांना थोरली आणि धाकटी म्हणतात. दोन्ही चंद्र एकाच रात्री पूर्ण भरले की ती जोडपुनव, आणि जोडपुनवेला पाताळवेस उघडते. वेशीपलीकडचं जे आहे ते अलीकडे यावं म्हणून एक पंथ पिढ्यानपिढ्या त्या रात्रीची वाट बघतोय. अख्खी मोहीम या एका रात्रीवर उभी होती.

आता डीएमने सुरुवातीला केलेलं कॅलेंडर बघा. वर्ष ३६० दिवसांचं, महिने १२, प्रत्येक ३० दिवसांचा, आठवडा ६ दिवसांचा. थोरलीचा फेरा ३० दिवसांचा, धाकटीचा १५ दिवसांचा, आणि दर महिन्याच्या एक तारखेला दोन्हींची अमावस्या. महिन्यांना नावं सुंदर दिली होती, नांगर, पेर, कोंभ, ओल अशी, आणि एका मोठ्या कागदावर रंगीत पेनांनी सगळं वर्ष काढलं होतं. दिसायला फार देखणं. पण खेळताना ते कॅलेंडर कोणी वापरतच नव्हतं, म्हणजे "दुसऱ्या दिवशी सकाळी", "चार दिवसांनी आम्ही पोचलो" असंच चालायचं, तारीख कोणी विचारायचं नाही आणि विचारायची गरजही पडायची नाही. माझ्या मते खरा आजार हाच होता, फुटलं मात्र वेगळ्या ठिकाणी.

झालं असं की आम्हाला पंथाच्या एका पुजाऱ्याची वही सापडली आणि पुढची जोडपुनव कधी ते शोधायचं ठरलं. ग्रुपमध्ये एक ताई आहेत, शाळेत गणित शिकवतात, त्यांनी तो रंगीत कागद ओढला आणि पेन्सिलने खुणा करायला लागल्या. मग थांबल्या आणि डीएमला म्हणाल्या, "अरे, थोरली सोळा तारखेला भरते ना? मग त्या दिवशी धाकटीची अमावस्या आहे. आणि धाकटी भरते आठ आणि तेवीसला, तेव्हा थोरली अर्धी असते. या दोघी एका रात्री भरतच नाहीत कधी."

डीएमने कागद बघितला, परत बघितला. मग म्हणाला की ठीक आहे, धाकटीला सात दिवस पुढे सरकवू. ताई म्हणाल्या सरकव, पण मग दर महिन्याला जोडपुनव येणार, थोरली भरली की धाकटी भरलेलीच असणार. आणि दर महिन्याला उघडणाऱ्या वेशीसाठी पिढ्यानपिढ्या कोण कशाला थांबेल?

इथे सगळ्या प्रकरणाची चावी आहे म्हणून जरा थांबतो. ३० हे १५ च्या बरोब्बर दुप्पट आहे. ज्या जगात आकाशातले फेरे असे एकमेकांत पूर्ण बसतात तिथे एखादी गोष्ट एकतर कधीच होत नाही नाहीतर नेहमी होते, मधलं काही उरत नाही. दुर्मिळ रात्र पाहिजे असेल तर फेरे एकमेकांत न बसणारे पाहिजेत, आणि कॅलेंडर रचणारे बहुतेक जण नेमकं उलटं करतात, म्हणजे आधी गोल आकडे घेतात आणि मग त्यातून गूढ निघेल अशी आशा ठेवतात.

आपल्याकडचंच घ्या. अमावस्या ते अमावस्या सरासरी २९.५३ दिवस, असे बारा महिने म्हणजे ३५४ दिवस आणि वर थोडं, आणि ऋतूंचं वर्ष ३६५.२४ दिवसांचं. दरवर्षी अकराएक दिवसांची तूट पडते, ती साठत जाते, आणि साधारण साडेबत्तीस महिन्यांनी अधिक महिना घालावा लागतो. १९ वर्षांत असे ७ अधिक महिने बसतात, कारण चंद्राचे २३५ महिने आणि १९ सौरवर्षं यांच्यात काही तासांचाच फरक राहतो. आपले सणवार, एकादशा, धोंड्याचा महिना, जावयाचे अनारसे, पंचांगकर्त्यांचे वाद, हे सगळं त्या एका न बसणाऱ्या आकड्यातून आलंय. आकडे बसले असते तर पंचांगाची गरजच नव्हती.

पर्याय दोनच होते. एक म्हणजे डीएमने सांगायचं की त्या रात्री दैवी करणीने दोन्ही चंद्र भरतात, विषय संपला. हा पर्याय मला स्वतःला अजिबात पटला नव्हता, कारण आम्ही वही शोधली होती, खुणा केल्या होत्या, डोकं लावलं होतं, आणि उत्तर "डीएमच्या मनात येईल तेव्हा" असेल तर पुढे कोणी कशाला डोकं लावेल. दुसरा पर्याय आकडे बदलायचे, पण महिन्यांची नावं आणि ३६० दिवसांचं वर्ष हलवायचं नाही, कारण माझ्या वहीतल्या आधीच्या कितीतरी नोंदी त्यावर होत्या. हा दुसरा पर्याय सगळ्यांनी मिळून घेतला आणि त्या रात्री खेळ झालाच नाही, गणितच चाललं.

ठरलेले आकडे असे. वर्ष ३६० दिवसांचंच. थोरलीचा फेरा साडेएकोणतीस दिवसांचा, म्हणजे महिने आलटून पालटून ३० आणि २९ दिवसांचे, टेबलावर मोजायला सोपे. धाकटीचा फेरा १७ दिवसांचा. धाकटी लवकर फिरते म्हणजे ती जवळ असणार, कारण ज्याचा फेरा लहान तो जवळ, हा आपल्या ग्रहांना आणि चंद्रांना लागू असलेला केप्लरचा नियम, आणि त्या हिशेबाने ती थोरलीच्या अंतराच्या साधारण सत्तर टक्क्यांवर येते. बंदरातल्या भरती-ओहोटीवर तिचा हात मोठा असणार का, तर ते तिच्या वजनावरही आहे, पण अंतर कमी झालं की ओढ फार झपाट्याने वाढते, त्यामुळे शिंपळचे कोळी उधाण ओळखताना आधी धाकटीकडे बघतात असं आम्ही ठरवलं.

आता जोडपुनव. आज दोन्ही चंद्र एकाच क्षणी भरले असं धरलं तर पुन्हा तसं नेमकं कधी होईल? थोरलीच्या ३४ पुनवा म्हणजे १००३ दिवस, आणि धाकटीच्या ५९ पुनवा म्हणजेही १००३ दिवस. म्हणजे खरी जोडपुनव १००३ दिवसांनी, पावणेतीन वर्षांच्या थोडं पुढे. हे बघून डीएम खुश झाला कारण दर वेळी ती वर्षाच्या वेगळ्याच काळात येते, कधी भर पावसात, कधी काढणीला, त्यामुळे सामान्य माणसाला तिचा अंदाज येत नाही आणि अंदाज सांगणाऱ्या माणसाला किंमत येते.

पण खरी मजा पुढे निघाली. ताईंनी लग्नपत्रिकेच्या जाड पुठ्ठ्याची एक गोल चकती कापली, कडेला ३४ खण आखले, एक खण म्हणजे धाकटीचा अर्धा दिवस. वर शून्य. शर्टाचं बटण शून्यावर ठेवलं आणि सांगितलं की थोरलीची एक पुनव झाली की बटण ९ खण मागे न्यायचं, कारण साडेएकोणतीस दिवस म्हणजे ५९ खण, धाकटीच्या दोन फेऱ्यांच्या ६८ खणांना ९ कमी. बस, एवढंच. बटण जितकं शून्याजवळ तितक्या दोन्ही पुनवा जवळ. आम्ही सरकवत गेलो. चौथ्या पुनवेला बटण शून्याच्या दोन खण अलीकडे आलं, म्हणजे एक दिवसाचा फरक. पंधराव्याला फक्त एक खण, म्हणजे अर्धा दिवस. एकोणिसाव्याला दुसऱ्या बाजूने एक खण. तिसाव्याला परत दोन खण, आणि चौतिसाव्या पुनवेला बटण बरोब्बर शून्यावर. टेबलाभोवती सगळे वाकून बघत होते. दिवसांत बोलायचं तर खऱ्या दोन जोडपुनवांच्या मध्ये साडेचारशे दिवसांच्या आसपास एक, मग अवघ्या ११८ दिवसांनी दुसरी, अशा दोन "जवळजवळ" जोडपुनवा येतात ज्यांत अर्ध्याच दिवसाचा फरक, आणि एकेक दिवसाच्या फरकाच्या अजून दोन.

मग प्रश्न आला की अर्धा दिवस चालतो का? एक दिवस चालतो का? कोणी ठरवायचं? इथे आपल्या घरातली सवय कामाला आली. कॅलेंडरवर लागोपाठ दोन दिवस एकादशी छापलेली आपण सगळ्यांनी बघितलीय, एक स्मार्त आणि एक भागवत, घरी आई विचारते आपली कोणती, आणि उत्तर कुळाचारावर ठरतं. तिथी ही सूर्य-चंद्रामधल्या १२ अंशांच्या फरकावर चालते आणि ती कधी वीस तासांची तर कधी सव्वीस तासांची असते, त्यामुळे सूर्योदयाच्या वेळी कोणती तिथी आहे, आदल्या तिथीचा स्पर्श आहे का, यावर परंपरा वेगळ्या होतात. कांतारमध्ये तिथी आणायची नाही असं आम्ही ठरवलं, टेबलावर झेपणार नाही, पण वाद मात्र घेतला. शिंपळच्या देवळात एक दिवसापर्यंतचा फरक चालतो, ते जत्रा भरवतात. डोंगरातल्या मठात अर्धा दिवसच चालतो. आणि पंथाला फक्त नेमकी, चौतिसावी पुनव चालते. त्यांच्याकडे सुताची एक दोरी असते, थोरलीच्या प्रत्येक पुनवेला एक गाठ, चौतीस गाठी झाल्या की दोरी जाळतात आणि नवी घेतात.

इथपर्यंत आकाश ठीक झालं. तरी कॅलेंडर मेलेलंच राहिलं असतं जर निफाडच्या मित्राने पुढचा प्रश्न काढला नसता. त्याच्या घरची द्राक्षबाग आहे. तो म्हणाला, "आमच्याकडे बागेत तारीख बोलतच नाही कोणी. विचारतात, कितवा दिवस चाललाय?" म्हणजे ऑक्टोबर छाटणी झाली की त्या दिवसापासून मोजणी सुरू, डिपिंग (घड द्रावणात बुडवणं) कितव्या दिवशी, फवारणी कितव्या दिवशी, विरळणी कितव्या दिवशी, सगळं छाटणीपासून. शेजारच्या बागेची छाटणी आठवडाभर उशिरा झाली असेल तर त्याचा दिवस वेगळा, एकाच बांधाच्या दोन बाजूंना दोन वेगळे दिवस चालू असतात आणि कोणाचं काही अडत नाही. आणि हाच माणूस पावसाचं बोलताना म्हणणार मृग लागला का, आर्द्रा कोरडी गेली, कारण पावसाची नक्षत्रं सूर्यावर चालतात, मृग दरवर्षी जूनच्या ७-८ तारखेलाच लागतो. आषाढी एकादशी मात्र चंद्रावर, २०२३ ला ती २९ जूनला होती आणि २०२४ ला १७ जुलैला, कारण मध्ये अधिक श्रावण आला. वारीला जाणारा आणि पेरणीला वाट बघणारा माणूस एकच, पण दोन कामांसाठी दोन वेगळी मोजमापं वापरतो आणि त्यात त्याचा कधी गोंधळ होत नाही. वर पोराच्या शाळेची फी इंग्रजी महिन्यावर. कांद्याचं बघा, जिल्ह्यातल्या बाजार समित्यांमध्ये अमावस्येला लिलाव बंद ठेवायची वर्षानुवर्षांची पद्धत होती, म्हणजे चंद्र बघून माल घरी ठेवायचा की ट्रॅक्टर भरायचा हे ठरायचं.

हे बोलणं झालं आणि मला वाटतं तिथेच कांतारचं कॅलेंडर जिवंत झालं. आम्ही आकड्यांवरून उठलो आणि माणसांवर आलो: या खोऱ्यात कोणाला कशासाठी दिवस मोजायचे आहेत? ज्याला मोजायचं कारण नाही त्याच्यासाठी कॅलेंडर करूच नका, आणि दोन माणसांची कारणं वेगळी असतील तर दोघांना एकच कॅलेंडर देऊ नका, त्यांची कॅलेंडरं एकमेकांवर आपटू द्या. मी हे इतक्या ठामपणे लिहितोय कारण पुढचं सगळं नाट्य यातूनच निघालं, डीएमला वेगळं काही शोधावं लागलं नाही.

शेतकऱ्यांसाठी सूर्याची २० घरं झाली, प्रत्येक घर १८ दिवसांचं, नावं सगळी खोऱ्यातल्या रोजच्या वस्तूंची, नांगर, घागर, पाळणा वगैरे. आपल्याकडे "पडतील स्वाती तर पिकतील मोती" म्हणतात तशा प्रत्येक घराच्या म्हणी खेळाडूंनीच बसून केल्या, त्या मला फार आवडतात. सणांसाठी थोरलीचे महिने. बाजारासाठी सहा दिवसांचा आठवडा, आणि त्याला आता कारणही मिळालं, खोऱ्यात सहा मोठी गावं आहेत, प्रत्येकाचा बाजाराचा एक दिवस, व्यापारी बैलगाड्या घेऊन फेरी मारत राहतो. आपल्याकडे नाशिकला गोदाकाठी बुधवारचा बाजार, आजूबाजूच्या गावांचे वेगवेगळे वार, तेच सूत्र. आठवडा वरून पडत नाही, बाजाराच्या फेरीतून तयार होतो.

आणि बंदरातल्या सावकारांची वही. त्यात महिना नाही, वर्ष नाही, फक्त एक चढता आकडा, जुनी राणी वारली त्या दिवसापासून आज कितवा दिवस. ती वारली खऱ्या जोडपुनवेला, म्हणून तो दिवस शून्य. ही कल्पना ग्रुपमधल्या एका मुलीची, ती सीएकडे आर्टिकलशिप करते, तिला व्याजाचा हिशेब दिवसावर पाहिजे होता.

आता अधिक महिना, ज्यावर आमचा सगळ्यात जास्त वेळ गेला. थोरलीचे बारा महिने ३५४ दिवसांचे, वर्ष ३६० चं, दरवर्षी ६ दिवस मागे. नियम साधा ठेवला: सूर्य नांगर घरात शिरल्यानंतरची पहिली थोरलीची अमावस्या म्हणजे वर्षारंभ, आणि बारावा महिना संपला तरी सूर्य नांगरात आला नसेल तर तेरावा महिना धरायचा. आपला नियम याहून बारीक आहे, ज्या चांद्रमहिन्यात संक्रांत, म्हणजे सूर्याचं रास बदलणं, येत नाही तो अधिक, त्यामुळे अधिक महिना वर्षात मध्येच येऊ शकतो. आम्हाला एवढं नको होतं.

पण तेरावा महिना आला आहे हे जाहीर कोण करणार? शिंपळच्या देवळातली पाच जणांची सभा. आणि लोकांनी त्या महिन्याचं काय करायचं? आपल्याकडे अधिक महिन्यात लग्नं-मुंजी नाहीत, दानधर्म आहे, जावयाला वाण आहे, म्हणजे त्या जास्तीच्या महिन्याला समाजाने स्वतःचं असं काम दिलंय. कांतारमध्ये ठरलं की तेराव्या महिन्यात कर्जाला व्याज लागत नाही. हे वाक्य कागदावर आलं आणि त्या मुलीने लगेच विचारलं, "मग सावकार त्या पाच जणांना पैसे चारणार नाहीत का?" चारणारच. शेतकऱ्याचं कर्ज महिन्यांवर लिहिलेलं, सावकाराची वही दिवसांवर, तेरावा महिना आला की दोघांच्या आकड्यात सरळ एका महिन्याच्या व्याजाचा फरक. सभेने तेरावा महिना जाहीर करायला उशीर केला तर व्याज चालू राहतं. आणि वर्षावर ठरवलेल्या सैनिकांना तेराव्या महिन्याचा पगार मिळतो का हा आणखी वेगळा तंटा.

हे काही हवेतलं नाही. जुन्या रोममध्ये अधिक महिना घालायचा अधिकार पुरोहितांकडे होता, त्यांनी तो राजकारणासाठी लांबवला-आखडला असं तिथलेच लेखक लिहून गेलेत, कारण वर्ष लांबलं की पदावरच्या माणसाचा काळ लांबतो. शेवटी कॅलेंडर ऋतूंपासून इतकं सरकलं की ज्युलियस सीझरला इसवी सनापूर्वी ४६ चं वर्ष ४४५ दिवसांचं करून ते परत जागेवर आणावं लागलं. डीएमला हे सांगितलं तर त्याने त्या पाच जणांच्या सभेला लगेच चेहरे, घरं, कर्जं सगळं दिलं.

मग तो पहिला रंगीत कागद? तो आम्ही फेकला नाही. बारा महिने, प्रत्येक तीस दिवसांचा, हे कॅलेंडर आता राजदरबाराचं आहे. एका राजाला सगळ्या राज्यात एकच सरळ मोजणी पाहिजे होती म्हणून त्याने हे लागू केलं, सारा त्यावर भरतात, हुकूमनामे त्यावर निघतात. वर्ष ३६० चंच असल्याने ऋतूंशी ते जुळतं, फक्त त्यातल्या महिन्यांचा चंद्राशी काही संबंध राहिला नाही. आपल्या सरकारचं राष्ट्रीय कॅलेंडर, मेघनाद साहा यांच्या समितीच्या शिफारशीवरून २२ मार्च १९५७ पासून लागू झालेलं, चैत्र १८७९ ने सुरू झालेलं, खगोलाच्या दृष्टीने अतिशय नेटकं आहे, राजपत्रावर ती तारीख असते, आकाशवाणीवर ऐकू येते, पण घरात सण त्यावरून कोणी काढत नाही. फ्रान्समध्ये क्रांतीनंतर १७९३ ला तीस-तीस दिवसांचे बारा महिने आणि दहा दिवसांचा आठवडा आणला होता, सुट्टी सातव्याऐवजी दहाव्या दिवशी, ते कॅलेंडर १८०६ च्या सुरुवातीला नेपोलियनच्या काळात बंद झालं. दरबारी कॅलेंडर आणि लोकांचं कॅलेंडर शेजारी शेजारी असणं हे जगात पुष्कळ झालंय, त्यामुळे आमच्या जुन्या सगळ्या नोंदी जशाच्या तशा खऱ्या राहिल्या. हा उपाय मला सगळ्यात जास्त आवडला, एकही झालेला प्रसंग पुसावा लागला नाही.

एक गोष्ट आकड्यांतून आपोआप आली, ती कोणी ठरवली नव्हती. ६ दिवसांची तूट साठत जाऊन साडेएकोणतीस व्हायला पाच वर्षांना किंचित कमी लागतं. म्हणून ५९ वर्षांत १२ अधिक महिने बसतात, त्यातले अकरा पाच-पाच वर्षांच्या अंतराने आणि एक मात्र चार वर्षांनी. म्हणजे बहुतेक लोकांच्या आयुष्यात एकदाच तेरावा महिना लवकर येतो. नाशिकच्या माणसाला हे समजावून सांगावं लागत नाही. सिंहस्थ बारा वर्षांनी असं आपण म्हणतो, पण गुरूचा सूर्याभोवतीचा फेरा ११.८६ वर्षांचा आहे, सात फेरे म्हणजे ८३ वर्षं, ८४ नाही, तेव्हा कुठेतरी एक वर्ष कमी पडणारच. मागच्या सिंहस्थाचं ध्वजारोहण १४ जुलै २०१५ ला झालं आणि पुढच्याची तारीख ३१ ऑक्टोबर २०२६ जाहीर झाली, मध्ये अकरा वर्षं आणि काही महिनेच. कांतारमध्ये त्या लवकर आलेल्या तेराव्या महिन्याला चौवर्षी म्हणतात आणि मागच्या चौवर्षीला सावकारांनी तो महिना मानलाच नाही म्हणून बंदरात दंगल झाली होती, हा इतिहास आम्हाला गेममध्ये एका म्हाताऱ्या कोळिणीकडून कळला.

प्रत्यक्ष खेळात काय झालं ते सांगतो. आमची पात्रं शिंपळला पोचली तेव्हा सावकारांच्या वहीत ८७१ वा दिवस होता. चकतीवर बटण फिरवलं तर तिसावी पुनव चौदा दिवसांवर, ८८५ व्या दिवशी, दोन खणांच्या फरकाची. म्हणजे देवळाच्या मते जोडपुनव, पंथाच्या मते नाही. खरी १००३ ला. निफाडवाला लगेच म्हणाला की मग जत्रेच्या रात्री वेशीवर पहारा ढिला असणार, कारण पंथाला माहितीये की आज काही उघडत नाही, आणि गावकऱ्यांच्या गर्दीत आपण सहज वर जाऊ. तसंच केलं. दोन्ही चंद्र जवळजवळ भरलेले असले की दोघी सूर्यास्ताच्या सुमारास शेजारी शेजारी उगवतात, त्या उजेडात मशालीशिवाय डोंगर चढलो, आणि पंथाच्या दोऱ्यांची पेटी पळवली. त्यांच्या प्रमुखाला आता गाठी किती झाल्या ते आठवणीवर मोजावं लागणार आहे, आणि पावसाळ्याचे महिने मध्ये आहेत, ढगात थोरली दिसणार नाही. हा डाव डीएमने लिहिलेला नव्हता. कॅलेंडर खरं असल्यामुळे आम्हाला तो दिसला.

करणाऱ्यांसाठी एक अनुभवाची गोष्ट. चार-चार मोजण्या आहेत म्हणून खेळाडूंसमोर चार तक्ते ठेवू नका, डोकं फिरतं. आमच्याकडे डीएमच्या लॅपटॉपवर एक शीट आहे, पहिल्या कॉलममध्ये वहीचा चढता दिवस, आणि बाकी सगळं, सूर्याचं घर, थोरलीचा दिवस, धाकटीचा दिवस, बाजार कुठल्या गावचा, दरबारी तारीख, त्या एका आकड्याला भागून उरलेल्या बाकीतून निघतं. खेळाडूला मात्र त्याच्या पात्राला जे माहीत असेल तेवढंच सांगायचं. शेतकऱ्याला घर, कोळ्याला धाकटी, सावकाराला आकडा. तारीख हवी असेल तर एकमेकांना विचारावी लागते, आणि हे विचारणंच खेळात फार छान येतं.

राहिलंय ते ग्रहणांचं. आपल्या चंद्राची कक्षा पृथ्वीच्या कक्षेला साधारण ५ अंशांनी तिरकी आहे म्हणून दर पौर्णिमेला ग्रहण होत नाही. कांतारमध्ये तिरकेपणा ठेवलाच नाही तर प्रत्येक पुनवेला चंद्र सावलीत जाणार, आणि जोडपुनवेला तर दोन्ही एकदम झाकल्या जाणार, म्हणजे जी रात्र सगळ्यात उजेडाची म्हणून आम्ही मांडली तीच काही काळ सगळ्यात काळी. पंथवाल्यांना हेच पाहिजे असेल का, अशी एक शंका आता टेबलावर आहे, आणि डीएम त्यावर काहीच बोलत नाही. थोरलीला ५ अंश देऊन झालेत. धाकटीचे ताई काढतायत, आणि १००३ वा दिवस गेममध्ये अजून ११८ दिवस लांब आहे.